सुई कोणाच्या हाती? : चिनी साहित्य, कायदा आणि समाजातील गोंदण

इ.स. ११४१ सालची अखेर. दक्षिण सुंग राजवटीची राजधानी लिनआन, म्हणजे आजचे हांगचौ. राजद्रोहाच्या आरोपाखाली कैदेत असलेला सेनापती युए फेइ याची चौकशी चालली आहे. चौकशी अधिकारी हे चू जाब विचारतो. युए फेइ अंगरखा फाडतो आणि त्याच्याकडे पाठ करतो. पाठीवर चार मोठी अक्षरे कातडीत खोलवर गोंदलेली असतात. त्यांचा आशय इतकाच, की निष्ठेत कसूर न ठेवता देशाचे ऋण फेडावे. हे चूला आरोपात तथ्य दिसत नाही आणि तो तसे सांगतो. मग चौकशी दुसऱ्याकडे सोपवली जाते आणि जानेवारी ११४२मध्ये युए फेइला ठार केले जाते.

हा प्रसंग १३४५ साली सिद्ध झालेल्या सुंग राजवटीच्या अधिकृत इतिहासात आहे. मात्र ही अक्षरे कोणी गोंदली, हे तिथे सांगितलेले नाही. आज चीनमधल्या शाळकरी मुलालाही त्याचे उत्तर ठाऊक असते : युए फेइच्या आईने. पण ही आई फार उशिरा अवतरते. मिंग आणि छिंग काळातल्या नाटक-कादंबऱ्यांनी तिच्या हातात सुई दिली आणि छिंग काळातल्या ‘शुओ युए’ या लोकप्रिय कादंबरीने ते चित्र कायमचे ठसवले. लोककथेला आई का लागली? इतिहासातली नुसती अक्षरे तिला का पुरली नाहीत? या लेखाचा शोध इथून सुरू होतो.

चिनी गोंदणाविषयी दोन विधाने नेहमी ऐकू येतात. एक असे, की कन्फ्यूशियसच्या शिकवणुकीमुळे चिनी समाजाने गोंदण नेहमीच हीन मानले. दुसरे असे, की आजचे तिथले निर्बंध म्हणजे त्याच जुन्या परंपरेचा पुढचा टप्पा. दोन्ही विधाने अर्धवट आहेत असे माझे म्हणणे आहे. जुने ग्रंथ बारकाईने वाचले तर कातडीवर लिहावे की नाही यापेक्षा, लिहिण्याचा अधिकार कोणाचा, यावरच खरा वाद चाललेला दिसतो. मराठी वाचकाने आजीच्या हातावरची हिरवी तुळस काही काळ बाजूला ठेवावी. आपल्याकडे गोंदणात सौभाग्य आणि मायेचा भाग मोठा. चीनच्या लिखित परंपरेत मात्र गोंदणाची पहिली ठळक ओळख होते ती न्यायालयात.

शिक्षा म्हणून शाई

प्राचीन चीनमध्ये पाच शारीरिक शिक्षा होत्या : तोंडावर गोंदणे, नाक कापणे, पाय तोडणे, खच्ची करणे आणि देहान्त. गोंदण ही त्यांतली सर्वांत सौम्य शिक्षा. चामडीवर जखम करून तीत शाई भरत. कापलेला अवयव माणसाला पंगू करतो. गोंदण त्याचे काम थांबवत नाही, फक्त त्याला ओळखू येण्याजोगा करते. म्हणजे शासनाने माणसाच्या चेहऱ्यावरच निकालपत्र लिहून ठेवले. हान राजवटीच्या उदयकाळातला पराक्रमी सरदार यिंग बू याने तारुण्यात ही शिक्षा भोगली होती. पुढे तो राजा झाला, तरी सिमा छ्येनने आपल्या इतिहासात त्याच्या चरित्राला नाव दिले ते ‘छिंग बू’, म्हणजे गोंदलेला बू. पदवी मिळाली, पण जुना निकाल नावालाच चिकटून राहिला.

इ.स.पू. १६७मध्ये हान सम्राट वन याने अंगभंगाच्या शिक्षा रद्द केल्या. त्यामागची कथा प्रसिद्ध आहे. छुन्यू यी नावाच्या वैद्याला अशी शिक्षा होणार होती. त्याची धाकटी मुलगी थीयिंग त्याच्यामागोमाग राजधानीला गेली आणि तिने अर्ज केला : तोडलेला अवयव पुन्हा जुळत नाही, माणसाला सुधारायचे असले तरी वाट उरत नाही, वडिलांऐवजी मला दासी करा. सम्राट द्रवला. गोंदणाच्या जागी मुंडण, मानेत लोखंडी कडे आणि सक्तीची मजुरी आली. इतर काही शिक्षांच्या जागी फटके आले आणि त्या फटक्यांनी पुष्कळ माणसे मेली, हेही हान काळाच्या इतिहासकाराने प्रामाणिकपणे नोंदवले आहे. पण थीयिंगचा मुद्दा बाजूला सारता येत नाही. कायमची खूण ही शिक्षा म्हणून अन्यायकारक, कारण ती पश्चात्तापाला जागा ठेवत नाही.

ही शिक्षा पुढे परत आली. दहाव्या शतकापासून तोंडावर गोंदून दूरच्या ठाण्यावर हद्दपार करण्याची पद्धत रूढ झाली आणि सुंग काळात ती सर्रास चालली. मिंग कायद्यात चोराच्या पहिल्या गुन्ह्याला उजव्या हातावर ‘चोर’ अशा अर्थाची अक्षरे, दुसऱ्याला डाव्या हातावर आणि तिसऱ्याला गळफास, असा हिशेबच होता. हातावरची शाई म्हणजे फिरती गुन्हेनोंद. ती कायद्यातून गेली १९०५ साली, शन च्यापन आणि वू थिंगफांग या कायदेपंडितांच्या सुधारणांमुळे. सम्राट वनपासून मोजले तर मधे दोन हजारांहून अधिक वर्षे गेली होती.

पुत्रधर्म आणि ‘वन’

आता कन्फ्यूशियसच्या शिकवणुकीकडे येऊ. पुत्रधर्मावरच्या ‘श्याओ चिंग’ या ग्रंथाच्या आरंभीच म्हटले आहे, की शरीर, केस आणि त्वचा ही आईवडिलांची देणगी. तिला इजा न होऊ देणे हा पुत्रधर्माचा आरंभ. गोंदणाविरुद्ध हा आधार आजही दिला जातो. पण याच परंपरेत थाय बोची कथा आहे. चौ घराण्याच्या पूर्वजाला आपला वारसा धाकट्या मुलाच्या वंशात जावा असे वाटत होते. थोरला मुलगा थाय बो आणि मधला चुंग युंग यांनी ते ओळखले. दोघे दक्षिणेला निघून गेले आणि तिथल्या लोकांप्रमाणे त्यांनी केस कापले, अंग गोंदवून घेतले. आता आम्ही राज्याला अपात्र आहोत, हे त्यांनी स्वतःच्या कातडीवरच जाहीर केले. वडिलांची इच्छा पुरी करण्यासाठी वडिलांनी दिलेले शरीर त्यांनी बिघडवले. आणि कन्फ्यूशियसच्या संवादांत थाय बोचा उल्लेख येतो तो परमोच्च सद्गुणाचा धनी म्हणून.

या कथेत एक सूचक योगायोग आहे. चिनी भाषेत गोंदणाला ‘वनशन’ म्हणतात. त्यातल्या ‘वन’ या अक्षराचा मूळ अर्थ नक्षी. पुढे तेच अक्षर लिपी, साहित्य आणि संस्कृती या अर्थांनी रुळले. हाडांवर कोरलेल्या सर्वांत जुन्या लिपीत हे अक्षर छातीवर खूण असलेल्या माणसासारखे दिसते आणि काही अभ्यासक त्यात गोंदलेला माणूसच पाहतात. थाय बोने ज्याच्यासाठी वाट मोकळी केली, तो पुतण्या इतिहासात ‘राजा वन’ म्हणून ओळखला जातो. एकाच्या वाट्याला अंगावरचे ‘वन’ आले, दुसऱ्याच्या वाट्याला नावातले. सुसंस्कृत आणि रानटी यांच्यातली सीमारेषा एकाच अक्षरातून जाते.

ती रेषा ओढणाऱ्यांचीही थट्टा झाली आहे. ‘च्वांगत्सी’ या ताओ ग्रंथात सुंग देशातला एक माणूस समारंभाच्या टोप्या विकायला युए देशात जातो. तिथले लोक केस कापून अंग गोंदवणारे. त्यांना टोप्यांचा काय उपयोग? गोष्ट दोन ओळींची. हसू मात्र गोंदलेल्यांचे होत नाही, टोपी विकणाऱ्याचे होते.

रस्त्यावरचे गोंदण

थांग काळात, नवव्या शतकात, दुआन छंगशी नावाच्या चौकस अधिकाऱ्याने ‘योयांग जाजू’ हा विविध विषयांचा संग्रह लिहिला. त्यात गोंदणावर स्वतंत्र प्रकरण आहे आणि ते चिनी गोंदणाचे सर्वांत जिवंत चित्रण म्हणावे लागेल. राजधानी छांगआनमधल्या एका गुंडाने एका दंडावर नगराधिकाऱ्याला भीत नसल्याचे आणि दुसऱ्यावर मेल्यावर यमराजालाही भीत नसल्याचे गोंदवून घेतले होते. चिनी भाषेतला हा ‘यानलुओ’ म्हणजे बौद्ध धर्माबरोबर भारतातून गेलेला आपलाच यम. नगराधिकाऱ्याने आव्हान स्वीकारले. अशा तीसेक जणांना पकडून फटक्यांनी ठार मारले आणि प्रेते बाजारात टाकली. मग गावातल्या गोंदलेल्या लोकांनी आपापली गोंदणे डाग देऊन जाळून टाकली.

याच प्रकरणात चिंगचौचा गे छिंग भेटतो. त्याने मानेपासून खाली सर्व अंगावर बाय ज्युयी या कवीच्या कविता चित्रांसह गोंदवल्या होत्या. दुआनने त्याला बोलावून घेतले आणि पाहिले. पाठीवरची कवितासुद्धा तो न बघता बोट मागे नेऊन दाखवी आणि म्हणून दाखवी. बाय ज्युयी त्या पिढीचाच कवी. म्हणजे हा आपल्याच काळातल्या साहित्याचा चाहता. गुंडाच्या दंडावरची अक्षरे आणि या रसिकाच्या पाठीवरची अक्षरे यांत शाईचा फरक नाही. दोघांनीही शासनाची लेखणी स्वतःच्या हाती घेतली. शासनाने त्यांतली उद्धट तेवढी वाचली.

दुआनच्या संग्रहात स्त्रियांविषयीची एक नोंद छोटी, पण मार्मिक आहे. स्त्रिया चेहऱ्यावर चिकटवतात ती फुलांची टिकली दरबारातली विदुषी शांगक्वान वान-अर हिने तोंडावरची खूण झाकण्यासाठी काढली, असे तो सांगतो. ज्या खुणेची लाज, तिच्यावरचे झाकणच पुढे फॅशन झाले.

‘शुइहू’तले दोन प्रकारचे वीर

सुंग काळात सैनिकांनी पळून जाऊ नये म्हणून त्यांनाही गोंदत. त्यामुळे कैदी आणि शिपाई दिसायला सारखेच. साधा शिपाई म्हणून भरती झालेला दी छिंग पुढे सर्वोच्च लष्करी पदापर्यंत चढला. सम्राट रनचुंगने त्याला औषध लावून तोंडावरची अक्षरे घालवायला सांगितले. दी छिंगने नकार दिला. ती ठेवली तर शिपायांना हुरूप येईल, असे त्याचे उत्तर होते. याच पार्श्वभूमीवर ‘शुइहू च्वान’ वाचायला हवी. ल्यांगशानच्या दलदलीत जमलेल्या १०८ बंडखोरांची ही महाकादंबरी परंपरेने श नायआन याच्या नावावर आहे.

या कादंबरीत गोंदणाचे दोन प्रकार आहेत आणि कथाकार ते कधीही मिसळू देत नाही. एक अक्षरांचे, शासनाने केलेले. लिन छुंग, वू सुंग, सुंग च्यांग यांच्या गालांवर ते आहे. लोक त्याला ‘सोन्याचा शिक्का’ म्हणत, असे कथाकार सांगतो. लाजेची गोष्ट सौम्य शब्दांत बोलण्याची ही रीत आपल्यालाही परकी नाही. दुसरा प्रकार चित्रांचा, हौसेने केलेला. शि चिनच्या अंगावर नऊ ड्रॅगन. ते त्याच्या वडिलांनी पैसे मोजून कारागिराकडून काढून घेतलेले. लू चिशन या धिप्पाड भिक्षूच्या पाठीवर फुलांची नक्षी. येन छिंगच्या गोऱ्यापान अंगभर नक्षीकाम. ते त्याच्या धन्याने करवून घेतलेले. शिक्क्यांविषयी लिहिताना कथाकार आखडता हात घेतो आणि चित्रांपाशी रेंगाळतो.

मला कादंबरीचे मर्म या दोन प्रकारांत दिसते. वू सुंग शिक्का लपवण्यासाठी फिरत्या भिक्षूचा वेष घेतो आणि केस चेहऱ्यावर सोडतो. पुढे तो वेषच त्याचे जगणे होतो. सुंग च्यांग मात्र आन दाओछ्वान या वैद्याकडून गालावरचा शिक्का घालवून घेतो. म्हणूनच तो दिव्यांच्या सणात राजधानीत उजळ माथ्याने फिरू शकतो. बंडखोरांचा हा नेता बंडाला माफी मिळावी म्हणून झुरतो आहे. दी छिंगने सम्राटाची इच्छा असूनही जे पुसले नाही, ते सुंग च्यांग कोणी न सांगता पुसतो. माफी मिळते. मग त्याचे सोबती सम्राटासाठी लढाया लढून मरतात आणि शेवटी सुंग च्यांगच्या हाती विषारी दारू येते. गालावरची अक्षरे गेली तरी दरबाराने ती वाचायचे सोडले नव्हते.

उलट येन छिंगचे पाहा. सम्राटाची लाडकी गणिका ली शिशी त्याचे गोंदण बघायला मागते. तो संकोचतो, मग अंग उघडे करतो. ती मोहात पडतेय असे दिसताच तो तिला थोरली बहीण मानून नमस्कार करतो. या नात्यातून सम्राटापर्यंत वाट निघते. वैद्याच्या औषधाने जे साधले नाही ते नक्षीने साधले. आणि अखेरीस वेळीच निघून जाऊन जिवंत राहणाऱ्या थोड्यांमध्ये येन छिंग आहे. कादंबरी कुठेही हे सूत्र मांडत नाही. पण अक्षरांचे वीर आणि चित्रांचे वीर यांची नशिबे तिने शेजारीशेजारी ठेवली आहेत.

या कादंबरीचे पुढचे आयुष्य जपानात घडले. १८२७च्या सुमारास एडोमधल्या कुनियोशी या चित्रकाराने या वीरांची ठसेचित्रे काढली आणि मूळ कथेत ज्यांच्या अंगावर काही नाही अशांनाही गोंदणांनी मढवले. त्यांतून जपानी गोंदणकलेला उधाण आले. विसाव्या शतकात हीच शैली हाँगकाँगच्या टोळीपटांमधून चिनी प्रेक्षकांसमोर परतली. आज चीनमध्ये पाठभर ड्रॅगन दिसला की लोक गुंड समजतात, त्यात ‘शुइहू’चा जेवढा वाटा आहे तेवढाच या सिनेमाचाही असावा.

आईची सुई, आणि आईवाचून

आता युए फेइच्या आईकडे परत जाता येते. त्याच्या पाठीवर अक्षरे आहेत. म्हणजे ती दिसायला शासनाच्या शिक्क्याच्या जातीची. स्वतः गोंदवून घेतली म्हणावे तर पुत्रधर्माला बाध. लोककथेने आईच्या हाती सुई दिली आणि दोन्ही अडचणी एकदम सुटल्या. देह जिने दिला तिनेच त्यावर लिहिले. इजा झाली, पण अवज्ञा झाली नाही. आणि तिने लिहिले काय? देशनिष्ठा. घराची आज्ञा आणि राज्याची आज्ञा एकाच जखमेत बसली. ही तोड इतकी चपखल आहे, की तिच्यातली क्रूरता दिसेनाशी होते. मुलाला ज्या राज्याशी निष्ठा शिकवली त्याच राज्याने त्याला मारले, हे कथा झाकत नाही. पण दोष सगळा छिन ह्वे या मंत्र्यावर टाकते. हांगचौच्या समाधीपुढे त्याचे आणि त्याच्या बायकोचे लोखंडी पुतळे आजही गुडघे टेकून आहेत.

विसाव्या शतकात अशीच अक्षरे आईवाचून गोंदली गेली. कोरियन युद्धातल्या चिनी कैद्यांच्या छावण्यांत साम्यवादविरोधी गटांनी अनेकांच्या अंगावर साम्यवादाविरुद्ध घोषणा गोंदवल्या. काहींनी खुशीने, पुष्कळांनी दांडगाईपुढे. हेतू उघड होता : असे अंग घेऊन माणूस मायदेशी परतू नये. युद्धविरामानंतर परतायला नकार देणारे २२ हजारांहून अधिक कैदी भारतीय पहारा दलाच्या ताब्यात आले आणि त्यांत १४ हजारांहून अधिक चिनी होते. तटस्थ राष्ट्रांच्या आयोगाचे अध्यक्ष होते जनरल थिमय्या आणि पहारा दलाचे प्रमुख होते कोल्हापूरकडचे मेजर जनरल एस. पी. पी. थोरात. कोणता कैदी मनापासून नकार देतो आहे आणि कोणाला अंगावरची शाई नकार द्यायला लावते आहे, हे ठरवण्याच्या प्रक्रियेवर पहारा ठेवायचे काम एका मराठी अधिकाऱ्याकडे आले होते. १९५४च्या जानेवारीत त्यांतले बहुसंख्य चिनी कैदी तैवानला गेले.

हा जिन या चिनी-अमेरिकन लेखकाच्या ‘वॉर ट्रॅश’ या २००४ सालच्या इंग्रजी कादंबरीचा नायक यातलाच. बेशुद्ध असताना त्याच्या पोटावर साम्यवादाला इंग्रजी शिवी गोंदली जाते. पुढे मायदेशी डॉक्टर त्यातली मोजकी अक्षरे खोडून अशी काही ठेवतात, की तीच शिवी अमेरिकेला लागू व्हावी. म्हातारपणी मुलाला भेटायला अमेरिकेला गेलेला नायक विमानतळावरच्या तपासणीला घाबरतो. कादंबरीतले हे सर्वांत बोलके रूपक आहे, कारण यात वाक्य बदलते, बाजू बदलते, फक्त पोट त्याचेच राहते. लिहिणाऱ्यांपैकी एकानेही त्याला विचारलेले नाही.

इथे माझ्या मांडणीची मर्यादा सांगितली पाहिजे. हे सारे पुरावे लिहित्या पुरुषांचे आहेत. युन्नानमधल्या दुलुंग आणि हायनान बेटावरच्या ली समाजातल्या स्त्रिया, तैवानमधले अतायाल लोक यांच्याकडे गोंदणाची स्वतःची परंपरा होती. अतायाल स्त्रीला चेहऱ्यावरचे गोंदण विणकामातल्या कसबामुळे मिळे. ते जपानी वसाहतीच्या राज्यकर्त्यांनी बंद पाडले. दुलुंग स्त्रियांच्या गोंदणाविषयी, गुलाम म्हणून पळवून नेऊ नये यासाठी चेहरा विद्रूप करत, असे सांगितले जाते. हे स्पष्टीकरण खरे असेलही. पण सौंदर्याची दुसरी कल्पना असू शकते हे न मानणाऱ्याला ते फार सोयीचे आहे.

आजचा कायदा

आज चीनमध्ये प्रौढ माणसाने गोंदवून घेणे बेकायदा नाही. मोठ्या शहरांत गोंदणाची दुकाने आहेत आणि गिऱ्हाईकही आहे. पण २०१८च्या जानेवारीत प्रसारण नियामकांनी गोंदणे दिसणाऱ्या कलाकारांना पडद्यावर आणू नये अशी सूचना दिली. तेव्हापासून पडद्यावर दंड-माना धूसर केलेल्या दिसू लागल्या. डिसेंबर २०२१मध्ये क्रीडा प्रशासनाने राष्ट्रीय फुटबॉल संघांतल्या खेळाडूंना नवे गोंदण करण्यास मनाई केली, असलेले काढून टाकण्याचा सल्ला दिला, आणि २० वर्षांखालील व त्याहून लहान वयोगटांच्या संघांत गोंदण असलेल्यांना घेऊच नये असे बजावले. जून २०२२मध्ये अल्पवयीनांना गोंदण करून देण्यावर देशभर बंदी आली.

या तिन्ही गोष्टी एका मापाने मोजू नयेत. अल्पवयीनांवरची बंदी मला रास्त वाटते. पंधरा वर्षांच्या मुलाला कायमच्या खुणेचा अर्थ कळतोच असे नाही. ती काढणे वेदनेचे, खर्चाचे आणि बहुधा अपुरे. हा थीयिंगचाच मुद्दा आहे : जे परतवता येत नाही ते लादू नये, आणि कोवळ्या वयात स्वतःवरही लादून घेऊ देऊ नये. मात्र मुलांचे नुकसान सांगताना नोकरीच्या संधी जातात हे कारण पुढे केले जाते, तेव्हा थोडे थांबायला हवे. सैन्याच्या नि पोलिसांच्या भरतीत ती संधी नाकारणारे शासनच आहे. कलंक स्वतः ठरवायचा आणि मग त्यापासून संरक्षण द्यायचे, हे चक्र कायद्याला दिसत नाही. शिवाय या नियमात पालकांची संमती चालत नाही. अल्पवयीनाच्या देहापुरती का होईना, आईच्या हातातली सुई शासनाने काढून घेतली आहे.

प्रौढ खेळाडूंची आणि कलाकारांची गोष्ट निराळी. तिथे ना कोवळे वय आहे ना जबरदस्ती. आहे ते फक्त दिसणे. त्याला परंपरेचा आधार द्यायचा तर थाय बो, गे छिंग, दी छिंग आणि येन छिंग या साऱ्यांना परंपरेबाहेर काढावे लागेल. उरतो तो छांगआनचा नगराधिकारी.

हांगचौच्या युए फेइ मंदिरात त्याच्या पाठीवरची ती चार अक्षरे भिंतीवर मोठ्या आकारात लिहिलेली आहेत. देशप्रेमाचा धडा म्हणून मुलांना तिथे नेतात. त्यांतल्या एखाद्याने अठरा वर्षे पुरी झाल्यावर तीच अक्षरे स्वतःच्या पाठीवर गोंदवून घेतली, तर गोंदणाऱ्या कारागिराचा काही गुन्हा होणार नाही. पण तो मुलगा चांगला फुटबॉल खेळत असेल, तर देशाच्या वीस वर्षांखालच्या संघात त्याला जागा नाही.